एकहाती सांजमेण

दुपारी वहिनीनं स्वयंपाकघरातल्या टेबलावर बरणी आणून ठेवली, की दादा हळूच तिथनं काढता पाय घेत असे. बायको रागावली आहे की नुसती दमली आहे, हे त्याला इतक्या वर्षांच्या संसारानंतरही धड ओळखता येत नसे. पण बरणी बाहेर आली की आपण आसपास असू नये, एवढं त्याला पक्कं समजलं होतं. वहिनी झाकण काढायची, ओलं फडकं बाजूला करायची, आतला मुठीएवढा जांभळट गोळा टेबलावर टाकायची आणि मळायला लागायची. समोर एक खुर्ची असायची, रिकामी. ती खुर्ची तिनं कधी हलवली नाही, आणि तिच्यावर कुणी बसलेलं तिला खपत नसे. दादानं एकदा विसरून तिच्यावर वर्तमानपत्र ठेवलं, तर ते त्याला नंतर जिन्याखाली सापडलं.

तिला सगळी गल्ली वहिनी म्हणायची. खरं तर ती वहिनी होती एकाच बाईची, दादाच्या पाठच्या बहिणीची. पण त्या बाईनं भर मळणघरात इतक्या खणखणीत आवाजात "वहिनी!" म्हणून हाका मारल्या होत्या, की तिचं खरं नाव लोकांच्या लक्षातच राहिलं नाही. मेण न्यायला येणारे किमयागार तिला वहिनी म्हणत, पाववाला वहिनी म्हणे, तिच्याहून वयानं दांडगी माणसंही वहिनी म्हणत. आणि ज्यांनी हे नाव गावभर केलं त्या वन्सं मात्र दोन गल्ल्या पलीकडे, एका शिंप्याच्या दुकानावरच्या खोलीत राहत होत्या आणि वहिनीशी अवाक्षर बोलत नव्हत्या.

सांजमेण म्हणजे काय, हे आता सांगत बसावं लागतं. नळीतून पिळून वापरणाऱ्यांना ते कुठनं येतं याची फिकीर नसते. मळणघराच्या अंगणात दगडी हौद होते, रुंद आणि उथळ. सकाळी त्यांत पाणी भरायचं आणि मग दिवसभर त्यांत कुणी बोट घालायचं नाही. ऊन कललं, सावल्या भिंतीवर चढल्या, की पाण्यावर एक पातळ पापुद्रा धरायला लागे. दुधावर साय धरते तसाच, फक्त रंग संध्याकाळचा. तो लाकडी पट्टीनं अलगद ओढून घ्यायचा. नुसता ठेवला तर सकाळपर्यंत त्याची भुकटी होऊन जाई, म्हणून लगेच त्यात आदल्या गोळ्याचा तुकडा घालायचा, विरजण लावल्यासारखा, आणि मळायला बसायचं. त्या तुकड्याला बायका नुसतं 'जुनं' म्हणत. मळायचा प्रत्येक दगड आपलं जुनं राखून असे, आणि ते आधीच्या, त्याच्याही आधीच्या बायकांच्या हातांतून चालत आलेलं असे.

या मेणाचा गुण एकच. ते वस्तूला तिची सवय आठवून देतं. नवं काही करत नाही, हे लोकांच्या पटकन ध्यानात येत नसे. कुलपांचा किमयागार सकाळी यायचा, त्याला मेण कडक लागायचं. चिमूटभर मेण तो अंगठ्याच्या नखावर घेई, गंजलेल्या बिजागरीला टेकवी आणि तिच्या कानाशी लागल्यासारखा विचारी, "आधी कशी उघडायचीस गं तू?" मग दार उघडे. पाणीवाल्याला मेण सैल हवं असे. आटलेल्या नळात तो त्याची गोळी सोडी आणि नळाला कान लावून बसे, जणू आतनं कुणी उत्तर देणार आहे. बहुतेकदा देईच. रस्त्यावरच्या दिव्यांची एक किमयागारीण होती, ती संध्याकाळी काळवंडलेल्या काचांवर बोट फिरवत जायची आणि मागे दिवे लागत जायचे. आणि हाडकाका! मोडलेले पाय सांधून झाल्यावर ते पायाला मेणाचा पातळ थर लावत आणि मग रोग्यासमोर स्वतःच येरझाऱ्या घालत. "बघ, असं चालायचास तू," असं पायाला ऐकवत. पाय अखेर लाजून चालायला लागतो, असं त्यांचं म्हणणं होतं.

एकदा एक बडा माणूस मळणघरात थेट येऊन धडकला. बायकोचं आपल्यावर प्रेम राहिलेलं नाही, तेव्हा तिला लावायला मेण द्या म्हणाला. दिव्यांच्या बाईनं त्याला नखशिखांत न्याहाळलं आणि विचारलं, "आधी होतं का?" तो विचारात पडला. अजूनही बहुधा विचारच करत असेल.

मळायला मात्र दोन माणसं लागत, दगडाच्या दोन बाजूंना समोरासमोर बसलेली. यात लाडाकोडाचा भाग नव्हता. हातांनाही सवयी असतात, आणि कच्चं मेण हातांच्या सवयी उचलतं. दोघींनी आळीपाळीनं मळलं, गोळा इकडून तिकडे सरकत राहिला, की एकीची सवय दुसरीच्या सवयीनं पुसली जाते आणि मेण कोरं होतं. कोरं मेणच विकायचं. एकटीनं मळलेल्याला 'एकहाती' म्हणत आणि ते दारात ठेवायलाही मनाई होती. कारण पूर्वी कधीतरी एका आळशी जोडीतल्या एकीनं दुसरी आलेली नसताना गोळा तसाच उरकून दिला होता, आणि तो लावलेलं टपालघराचं दार कितीतरी दिवस त्या बाईसारखं कण्हत उघडत असे. लोक पत्रं टाकायला कमी आणि दार ऐकायला जास्त जात.

वहिनी लग्न होऊन आली तेव्हा तिला हे काहीच ठाऊक नव्हतं. वन्सं त्याच सुमारास नवऱ्याचं घर सोडून भावाकडे परत आल्या होत्या. का सोडलं, हे त्यांनी कुणाला सांगितलं नाही आणि वहिनीनं विचारलं नाही. घरात दोघी जपून वागत. "वन्सं, तुम्ही जेवलात का?" "हो वहिनी, तू जेव." एवढंच. मग एका सकाळी वन्सं म्हणाल्या, "घरात बसून एकमेकींची तोंडं बघण्यापेक्षा मळणघरात चल. तिथं निदान त्याचा मेहनताना मिळतो." त्या दिवशी दोघी ज्या दगडाशी बसल्या, त्या अखेरपर्यंत त्याच दगडाशी.

दगडावर घरचे मानपान चालत नसत. तिथं वहिनीही वन्संना सरळ 'तू' म्हणायची. "ए, हात चालव." "पाणी कमी घालतेस तू, दगड करून ठेवतेस." "आणि तू जास्त घालतेस, लापशी करतेस." या पाण्यावरनं त्यांची जितकी भांडणं झाली तितकी सवती-सवतींची होत नसतील. वन्संचे केस दाट आणि द्वाड, कितीही बांधले तरी एक बट कपाळावर यायचीच. हात मेणानं भरलेले, आपल्या हातानं सारायची सोय नाही. मग त्या बोलता बोलता, भांडता भांडता, मान पुढे करत, आणि वहिनी मनगटाच्या उलट्या बाजूनं ती बट मागे सारी. तेवढ्यापुरतं भांडण थांबायचं असं नाही. वहिनी बट सारता सारताही बोलतच असायची.

पण दिवस बुडायच्या आत भांडण मिटवावंच लागे. रुसलेल्या हातांचं मेण तुटतं, एकमेकांना धरत नाही. म्हणून मळणघराचा एक जुना नियम होता, आणि त्याच्याइतका शहाणा नियम कुठल्या घरात असेल असं वाटत नाही. चूक कुणाची हे कुणी काढायचंच नाही. भांडण झालं तेव्हा गोळा जिच्या बाजूला असेल, तिनं तो पुढे सरकवायचा आणि म्हणायचं, "घे." दुसरीनं तो ओढून घ्यायचा. झालं, मिटलं. मग परत सुरू करायला मोकळ्या. अंगणात संध्याकाळी इकडून तिकडून "घे", "घे" असं ऐकू येत राही, आणि कुणाचं काय बिनसलं होतं ते न सांगता सगळ्यांना कळे. वहिनीला पुढे मळणघर आठवे ते या आवाजानंच. हौद आठवत, पापुद्रा आठवे, पण डोळे मिटले की आधी ऐकू येई ते "घे".

आणि मग नळ्या आल्या. कुठल्याशा कंपनीनं मेण मळायचं यंत्र काढलं. यंत्राला कसली आलीये सवय? त्याचं मेण जन्मतःच कोरं. खोटं कशाला बोला, कुलपांना आणि दिव्यांना ते छान चालायचं. कुलूपवाला पहिल्यांदा नळी खिशात घालून आला तेव्हा त्याला बायकांकडे बघवेना. नंतर तो यायचाच बंद झाला. मळणघराच्या मालकीणबाईंनी शेवटी एके दिवशी सगळ्यांना बोलावून सांगितलं, की या हंगामानंतर हौद भरायचे नाहीत. कुणी आरडाओरडा केला नाही. बायका उठून आपापल्या दगडाशी गेल्या आणि नेहमीसारखं मळू लागल्या, कारण त्या दिवसाचा पापुद्रा धरला होता.

शेवटच्या संध्याकाळी प्रत्येक जोडीला आपल्या जुन्याचं काय करायचं ते ठरवायचं होतं. कुणी ते अंगणातल्या झाडाखाली पुरलं, कुणी हौदात सोडलं. वहिनी म्हणाली, "मी घरी नेते. बरणीत राहील."

"कशाला?" वन्सं म्हणाल्या. "हौद नाही, गिऱ्हाईक नाही. सोडून दे पाण्यात. संपलं ते संपलं."

त्यांच्या आवाजात रडू होतं, हे वहिनीला फार नंतर उमगलं. त्या क्षणी तिला फक्त शब्द ऐकू आले, आणि तिच्या तोंडून जे निघून गेलं ते पुढं कित्येक वर्षं तिच्याच घशात अडकून राहिलं.

"तुला सोडून देणंच जमतं. आयुष्यात काही टिकवलंयस का तू?"

सगळं अंगण चिडीचूप झालं. वन्संच्या संसाराबद्दल वहिनीनं इतक्या वर्षांत, इतक्या भांडणांत, एकदाही चकार शब्द काढला नव्हता. तीच एक गोष्ट होती जिच्यावर दोघींची सगळी भांडणं निर्धास्त उभी होती. वन्सं दोन्ही हात दगडावर ठेवून बसून राहिल्या. त्या वाट बघत होत्या, कारण गोळा वहिनीच्या बाजूला होता. आजूबाजूच्या बायकाही वाट बघत होत्या. वहिनीलाही माहीत होतं. नुसता हात पुढे करायचा होता. पण लाज आणि राग एकदम दाटून आले की माणसाला हात तरी कुठं आपले वाटतात? तिनं गोळा उचलला, फडक्यात गुंडाळला आणि ती अंगणातून चालती झाली.

दुसऱ्या दिवशी वन्संनी सामान बांधलं. दादानं दारात आडवा हात लावला, तर म्हणाल्या, "दादा, शिंप्याच्या वरची खोली रिकामी आहे. मला उजेड बरा मिळेल." भांडण एवढंच. कुठल्याही दिवशी होतात त्यातलंच. पण त्याआधीची सगळी भांडणं मिटली होती ती दोघींच्या मोठेपणानं नव्हे, संध्याकाळी समोरासमोर बसावंच लागे म्हणून. दगड गेला, आणि हे एकच भांडण मिटायचं राहून गेलं.

वहिनीनं ठरवलं होतं, उद्या जाऊ. मग वाटलं, त्यांनीही एकदा यायला काय हरकत आहे? मग इतका काळ लोटला, की दारात उभं राहून पहिलं वाक्य काय बोलायचं, हेच सुचेना. मधल्यामध्ये दादाची फरफट होई. वहिनी सूप करी आणि म्हणे, "जास्त झालंय, टाकून कशाला द्यायचं." दादा डबा घेऊन जाई. डबा परत येई तो कधी रिकामा येत नसे. कधी त्यात लिंबं असत, तर कधी शिंप्याकडची रंगीत बटणं. "काय म्हणाल्या?" "काही नाही." "मग इतका वेळ काय करत होतात?" दादा वैतागून म्हणे, "मला टपालाची पिशवी शिवून द्या दोघींनी. गळ्यात अडकवून फिरतो."

बटणं वहिनी एका वाटीत साठवी. आणि दुपारी जुनं मळी. न मळता ठेवलं तर ते मरतं, म्हणून मळायचं, बाकी उपयोग शून्य. समोर खुर्ची रिकामी. हात आपले चालत, मध्येच थांबत, पुन्हा चालायला लागत. थांबले की काय करत, याकडे तिचं लक्ष नसे.

मग एका सकाळी दादा बाहेरून आला तो सरळ त्या खुर्चीवर बसला, आणि वहिनीनं त्याला उठवलं नाही.

"तिचा उजवा हात गेला," तो म्हणाला. "बाकी ठीक आहे. बोलते आहे, चालते आहे. हात नुसता लोंबतोय."

पुढच्याच आठवड्यात हाडकाका आले. म्हातारे झाले होते, पण चालत अजून तसेच, प्रत्येक पाऊल पायाला शिकवत असल्यासारखे. "नळीतलं लावून पाहिलं," ते म्हणाले. "हात ऐकत नाही. दाराला यंत्राचं चालतं, हाताला हाताचंच लागतं. दादा म्हणाला, तुझ्याकडे जुनं जिवंत आहे."

"आहे."

"मग ताजं मळून दे. पण लवकर. हात फार दिवस असा पडून राहिला की स्वतःलाच विसरतो. मग त्याला मी काय आठवून देणार, कपाळ? आणि जोडीनं मळ. कुणाला तरी समोर बसव."

त्या संध्याकाळी वहिनीनं गच्चीवर कपडे धुवायचे दोन पसरट टब भरून ठेवले. पापुद्रा धरला, पातळ, पण धरला. तो पट्टीनं ओढताना तिला इतकं भरून आलं, की क्षणभर बसूनच घ्यावं लागलं. पण समोर कुणाला बसवायचं? दादाला मेणानं शिंका येत. आणि खरं सांगायचं तर दुसऱ्या कुणाला तिथं बसवायला तिचं मन घेईना. जिला बसवायला हवं होतं तिच्याकडे जायचं, तर आधी जो शब्द राहिला होता तो म्हणावा लागला असता. मग तिनं मनाशी हिशेब मांडला, आणि असा हिशेब मळणघरातली बाईच मांडू शकते: जुनं तर दोघींनी मळलेलं आहे. वन्संचे हात त्यात आहेतच. म्हणजे मी एकटीनं मळलं तरी ते जोडीचंच होईल.

हाडकाकांनी गोळा दाबून पाहिला. "जोडीचं ना?"

"जोडीचंच जुनं आहे," वहिनी म्हणाली. धड खोटंही नाही, धड खरंही नाही.

चार-दोन दिवसांनी दादा हसत हसत घरी आला. "हलला! हात हलला तिचा!" वहिनीनं ओट्याला घट्ट धरलं. "पण गंमत काय माहीत आहे? चहा उलटा ढवळतो. तू ढवळतेस तसा. आणि चमचा कपाच्या काठावर दोनदा आपटतो."

वहिनीनं ओटा सोडला आणि ती त्याच्याकडे वळली.

"पाव घेतला की आधी त्याचा खालचा भाग चाचपतो, करपलाय का बघायला. खिशातल्या किल्ल्या तीन-तीनदा तपासतो. ती म्हणते, 'दादा, हा हात माझा नाही, हा कुणीतरी माझ्या खांद्याला आणून लावलाय.' हाडकाका कपाळाला हात लावून बसलेत. म्हणाले, एकहाती आहे हे."

आणि तेव्हा वहिनीला आपली चूक लख्ख दिसली. दोघींनी मळलेलं जुनं होतं खरं, पण नंतर ते रोज दुपारी कोण मळत होतं? वर्षानुवर्षं एकटीच्या हातांनी तिनं वन्संना त्यातून थोडं थोडं पुसून टाकलं होतं. जे जपायचं म्हणून घरी आणलं होतं, ते जपता जपता. टेबलाशी बसून ती पोटभर रडली. दादा दारात उभा राहून "अगं, चहाच तर उलटा ढवळतोय," असं काहीबाही समजावत राहिला.

मग ती उठली, तोंड धुतलं, बरणी घेतली आणि निघाली.

शिंप्याचं मशीन खाली खडखडत होतं. जिना चढताना तिनं पहिलं वाक्य जुळवलं, दारापर्यंत पोचता पोचता विसरली. दार उघडंच होतं. वन्सं खिडकीशी छोट्या टेबलापाशी बसल्या होत्या. केस पांढरे झाले होते, पण बट अजून तशीच कपाळावर. त्यांनी वर पाहिलं.

"आलीस? बस. बघ तुझी करामत."

वहिनी समोर बसली. वन्संचा उजवा हात टेबलावर नसलेले पावाचे कण एका बाजूला लोटत होता.

"सकाळपासून टेबल पुसतोय. या खोलीत इतकी स्वच्छता कधी नव्हती," वन्सं म्हणाल्या. "काल मी शिंप्याला नमस्कार करायला हात उचलला, तर यानं त्याच्या कॉलरचा दोरा तोडला. तो बिचारा घाबरला."

"वन्सं, माझं फार चुकलं. मला वाटलं, जुन्यात तुम्ही आहात..."

"मी सांगितलं होतं, सोडून दे पाण्यात."

खालचं मशीन थांबलं. खोलीत काही आवाज उरला नाही, आणि तेवढ्यात तो हात टेबलावरून आपसूक उठला. हळू, मनगट उलटं करून, तो टेबलापलीकडे आला, वहिनीच्या कपाळापर्यंत, आणि तिथं नसलेली बट त्यानं अलगद मागे सारली. मग परत जाऊन टेबलावर पडून राहिला.

"हे," वन्सं म्हणाल्या. त्यांचा आवाज बदलला होता. "हे दिवसातून कितीदा तरी करतो. मला आधी वाटलं, माझंच काही आठवत असेल त्याला. पण मी तुझे केस कधी सारले नाहीत. तुझे केस कधी जागचे हललेच नाहीत, मेले."

वहिनीनं मान खाली घातली.

"हाडकाका म्हणाले, कच्चं मेण मळणाऱ्या हाताची आत्ताची सवय उचलतं. मोडलेली सवय उचलत नाही." वन्सं पुढे झुकल्या. "दुपारी एकटीच मळत होतीस?"

"हो."

"समोर कोण बसायचं?"

"कुणी नाही. खुर्ची आहे."

"मग इतकी वर्षं तुझा हात कुणाचे केस सारत होता?"

बोलायचं म्हटलं असतं तर वहिनीला सगळंच बोलावं लागलं असतं. दुपारच्या दुपारी, वाटीतली बटणं, त्या संध्याकाळी घशात अडकलेलं ते वाक्य. तिनं बरणीचं झाकण काढलं. फडकं सोडलं आणि गोळा आपल्या बाजूला टेबलावर ठेवला.

"गोळा माझ्याकडे होता," ती म्हणाली.

"माहीत आहे मला कुणाकडे होता."

वहिनीनं दोन्ही हातांनी तो पुढे सरकवला.

"घे."

डाव्या हातानं वन्संनी तो ओढून घेतला आणि अंगठ्यानं दाबून पाहिला.

"दगड करून ठेवलायस याचा," त्या म्हणाल्या. डोळे पुसायला त्यांचा एकच हात आपला होता आणि तो मेणात होता, तेव्हा गालावरनं वाहायचं ते वाहू दिलं. "पाणी आण. कमी नको आणूस."

"तू लापशी करशील."

"करीन. हात चालव."

दोघी मळायला लागल्या. तीन हात कामाचे, चौथा आपला अधूनमधून टेबल पुसत होता. गोळा इकडून तिकडे जात राहिला, हळूहळू सैल होत गेला आणि त्याचा रंग उजळत आला. वन्संची बट पुढे आली. त्यांनी मान पुढे केली, आणि वहिनीनं ती मनगटाच्या उलट्या बाजूनं मागे सारली.

"हाडकाकांना निरोप धाडते," वहिनी म्हणाली. "हे कोरं होईल बघ आता. आज संध्याकाळीच लावतील. तुझा हात तुला मिळेल."

"उद्या बोलाव त्यांना," वन्सं म्हणाल्या. "आज बस."